लालसूचा खांब

सुकलूला आपल्या कानांचा फार तोरा होता. तो फुकटचा असता तर गावाने त्याला केव्हाच जमिनीवर आणलं असतं. पण तो फुकटचा नव्हता, आणि घात तिथेच झाला. रानात माणसं चार दिशांना पांगलेली असली आणि कुठूनशी हाक आली, तर सुकलू हातातलं काम न थांबवता सांगे, "पत्रू होय. नाल्याच्या पलीकडं हाये. थकला हाये." आणि पत्रू खरंच नाल्याच्या पलीकडे, खरंच थकलेला निघे.

कोसमझरी हे त्यांचं गाव रानात इतकं आत होतं, की मूल गावच्या बाजाराला निघालेल्या माणसाला वाटेत मुक्काम करावा लागे. देश स्वतंत्र होऊन काही वर्षं झाली होती, ठेकेदाराच्या लॉऱ्या नदीपर्यंत येऊन सागवान नेऊ लागल्या होत्या, पण नदीच्या अलीकडे सगळा कारभार जुनाच होता. झाडी अशी दाट, की हाकेच्या अंतरावरचं माणूस दिसायचं नाही. तिथे डोळ्यांवर कोण विसंबतो? माणूस ओळखायचा तो कुकाऱ्यावरून. पोर रानात जाण्याइतकं झालं की आई त्याला एक कुकारा बांधून देई, म्हणजे हाक मारायची त्याची स्वतःची चाल. एकाची दुसऱ्यासारखी नसे. मोहफुलं वेचताना, डिंक काढताना माणूस कुकारा देई, आणि ज्याच्या कानी पडेल त्याने ओ द्यायचीच, मग दोघांचं सात पिढ्यांचं वैर का असेना.

माणूस मेला की त्याचा कुकारा लाकडात भरत.

गावामागच्या टेकडीवर हे बोलके खांब उभे होते. शिवणीच्या झाडाचे पोकळ ओंडके, पुरुषभर उंच. कुणावर चंद्र-सूर्य कोरलेले, कुणावर कुऱ्हाड, कुणावर सूप, आणि अंगाला जागोजाग वाऱ्यासाठी भोकं. काही नवे, काही कललेले, काही वाळवीने अर्धे खाल्लेले. वारा सुटला की खांब बोलू लागत. नुसतं घूं घूं नव्हे, ज्याचा खांब त्याचा कुकारा, हुबेहूब. तिन्हीसांजेला बाया चुलीपुढे बसून ऐकत आणि एकमेकींना सांगत, ही माझी सासू, हा मामा. ऐकायचं, पण ओ द्यायची नाही. मेलेल्याला ओ दिली की तो सोबत नेतो. शेजारच्या इतवारीच्या आजीने एकदा न राहवून नवऱ्याला ओ दिली होती, आणि पुढचा पोळा काही तिने पाहिला नाही. म्हणून कोसमझरीच्या पोरांना चालता येण्याआधी दोन गोष्टी शिकवत. जित्याला ओ द्यायची, मेल्याला नाही.

खांब घडवायचा मान सुकलूच्या घराण्याचा. लोखंडी शीग लाल करायची आणि ओंडका आतून जाळत, खरवडत जायचं, महिना महिना. मग भोकं, मग मेण लावून सूर जुळवणं. शेवटी मेलेल्याच्या आईने, आई नसेल तर जवळच्या माणसाने, खांबाला तोंड लावून त्याचा कुकारा आत भरायचा. सुकलूच्या हातचे खांब असे बोलत, की म्हातारी माणसं दचकून दाराकडे बघत. सुकलूला ते दचकणं फार आवडे. त्याने कधी बोलून दाखवलं नाही, पण सोनीबाईला, त्याच्या बायकोला, नवऱ्याची ही खोड पक्की ठाऊक होती.

त्यांना एकच मुलगा, लालसू. मिसरूड फुटलेला, हसरा, आणि बापासारखाच हट्टी. त्याच्या कुकाऱ्यात मधेच एक उचकी होती. लहानपणी कुकारा शिकताना त्याला उचकी लागली होती, आणि ती तशीच चालीत राहून गेली. सोनीबाईने ती काढायचा प्रयत्नही केला नाही. तिला ती गोड वाटे.

एकदा लालसू धानाच्या गाड्यांबरोबर वडशाला जाऊन आला आणि आल्या आल्या बापापाशी बसला.

"बा, तिथी वखारीत एक गिरमिट पाह्यलं. हे एवढं लांब! फिरवलं का लाकडात सरळ भोक पडते. जाळाचं कामच नाई. महिन्याचं काम हप्त्यात होईन."

"माह्या बापानं जाळून केलं, त्याच्या बापानं जाळून केलं," सुकलू म्हणाला. "तुले काऊन घाई सुटली? मेला मानूस कुठी पळून चालला का?"

लालसू हसला. हसायला नको होतं. त्या हसण्यावर सुकलूचं डोकं फिरलं आणि त्याने हातातली तापलेली शीग त्याच्या दिशेने फेकली. लागली नाही, पण फेकली. वर म्हणाला, "तुह्या हाताले लाकूड कधी आवाज देनार नाई. जा, वखारीत हमाली कर!"

पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी लालसू गुरांबरोबर रानात गेला तो परतला नाही. त्याच दिवशी पत्रूची कालवड वाघाने नेली. नाल्याच्या काठी वाघाची पावलं सापडली, ओढत नेल्याची खूण सापडली, आणि रक्ताने भरलेला लालसूचा पंचा. गावाने रान पालथं घातलं. सगळे कुकारे देऊन देऊन घसे बसले, आणि रानातून कुणीही ओ दिली नाही. मग लोक मुकाट्याने घरी आले.

गावातला सगळ्यांत म्हातारा माणूस जंगू. त्यानेच सुकलूच्या अंगणात येऊन विषय काढला. "सुकलू, खांब करा लागन बाबा. नाई तं पोट्टा रानात उपाशी फिरन."

"माहा लेक मेला नाई, जंगूभाऊ," सोनीबाई आतून म्हणाली. "मेला असता तं मले समजलं असतं."

सुकलू मात्र उठला आणि शिवण शोधायला रानात गेला. ती फेकलेली शीग त्याच्या मनातून जात नव्हती. जे पोरगं जितेपणी दुखावलं त्याचा निदान खांब तरी असा करीन, की जगात तसा दुसरा नसेल, असं त्याने ठरवलं. पावसाळा सरेपर्यंत तो खपत होता. खाणंपिणं विसरला, केस वाढले, बोटं भाजली. त्या उचकीसाठी त्याने एक वेगळंच भोक पाडलं, तिरपं, आत वळणारं. असं भोक आजवर कोणी पाडलं नव्हतं. मग सोनीबाईच्या विनवण्या केल्या, शेवटी ओरडला. पोरगं उपाशी फिरतंय, तुला आई म्हणवते का, इथवर बोलला. तेव्हा तिने खांबाला तोंड लावलं आणि लेकाचा कुकारा आत भरला. भरताना रडली, त्यामुळे उचकी कुठली आणि हुंदका कुठला हे तिचं तिलाच कळलं नाही.

धान कापणी उरकल्यावर खांब टेकडीवर उभा केला. कोंबडा दिला, मोहाची दारू शिंपडली. सगळा गाव खाली वाट बघत बसला. संध्याकाळी वारा आला. सासवा बोलल्या, मामा बोलले, इतवारीचा आजा बोलला. लालसूचा खांब बोलला नाही.

दुसऱ्या दिवशीही नाही, तिसऱ्याही नाही. सुकलूची मान खाली गेली. पाणवठ्यावरच्या बाया तो आला की गप्प होऊ लागल्या. "तू मन लावून भरला नाई," तो बायकोला म्हणाला.

सोनीबाईच्या चेहऱ्यावर मात्र पोळ्यानंतर प्रथमच तेज आलं होतं. ती म्हणाली, "लाकूड मेल्याचाच कुकारा धरते, हे तूच सांगत होता ना? मंग? धरत नाई, मनजे माहा लेक जिता हाये!"

आपला लेक जिता असावा असं कोणत्या बापाला वाटणार नाही? पण खरं सांगायचं तर त्याला त्या दिवसांत आणखी एक गोष्ट वाटत होती, आणि ती वाटते याची त्याला लाजही होती. खांब बोलावा, असं वाटत होतं. आयुष्यातलं सगळ्यांत मोठं काम, आणि ते मुकं! रात्रंदिवस तो टेकडीकडे कान लावून असे.

थंडीचे दिवस आले. एका सकाळी धुकं जमिनीला टेकलं होतं, शेकोटीचा धूर सरळ वर जात होता. सोनीबाई अंगण सारवत होती. आणि टेकडीच्या बाजूने कुकारा आला. खालून वर चढत गेलेला, मधे उचकी, मग लांबवलेला शेवट. लालसूचाच.

सोनीबाईच्या हातातलं शेणाचं बोळकं पडलं. सुकलू उभाच राहिला. त्याच्या अंगावर काटा आला, डोळ्यांत पाणी आलं, आणि तोंडून शब्द आले ते असे, "बोलला! सोने, आयक, खांब बोलला! उचकी बी आली!"

शेजारीपाजारी गोळा झाले. जंगू काठी टेकत आला. कुकारा पुन्हा आला, पुन्हा. म्हाताऱ्याने मान डोलावली आणि म्हणाला, "सुकलू, असा खांब माह्या उमरीत आयकला नाई." सुकलू रडत होता आणि हसतही होता.

सोनीबाई धुराकडे बघत होती. "वारा कुठी हाये?" ती म्हणाली.

"वर टेकडीवर असते वारा."

"झाडाचं पान हालून नाई राह्यलं. दुसरा येक तरी खांब बोलून राह्यला का? हा यकटाच काऊन बोलते?"

"त्याले वारा लागतच नाई जास्त," सुकलू म्हणाला. "भोकच तसं पाडलं मी. एवढुशा झुळुकीनं बोलन असं."

आणि त्याचा स्वतःच्या या बोलण्यावर विश्वास बसला. कारागीर माणूस, कौतुकाला भुकेला, त्याला आपल्या हाताची करामत दिसली आणि न हलणारं पान दिसलं नाही. बायकोचं बोलणं तिच्यावरच उलटलं होतं. खांब मुका म्हणून लेक जिता, तर खांब बोलला म्हणून लेक मेला. सोनीबाईच्या ते ध्यानात आलं, आणि तिच्या चेहऱ्यावरचं तेज पुन्हा विझलं.

तरी दुपारी कुकारा आला तेव्हा ती उठून दारात गेली. तोंड उघडलं, छाती भरून घेतली. ओ येणार, एवढ्यात सुकलूने मागून येऊन तिच्या तोंडावर हात दाबला. ती धडपडली, त्याच्या बोटाला चावली, त्याने हात काढला नाही. "पोट्टा गेला," तो तिच्या कानाशी म्हणत होता, "आता तू बी जाशीन का? मले यकट्याले टाकून जाशीन का?" यात मात्र खोट नव्हती. त्याला तिची खरीच भीती वाटत होती. टेकडीकडून कुकारा येत राहिला, आणि ती त्याच्या हाताखाली थरथरत राहिली. शेवटी ती दारातच खाली बसली.

"मले वरती जाऊन पाहू दे," ती नंतर म्हणाली.

"नवा खांब बोलाले लागला का अमावस्येपर्यंत वर पाय ठेवाचा नाई. ठाऊक नाई का तुले?"

ठाऊक होतं. साऱ्या गावाला ठाऊक होतं. दुसऱ्या दिवशी कुकारा आला तो जरा घोगरा. सुकलू म्हणाला, लाकूड थंडीनं वाळून राह्यलं. त्याच्या पुढच्या दिवशी उचकीच तेवढी ऐकू आली, पुढचा शेवट आलाच नाही. सुकलूने कपाळाला आठ्या घातल्या. मेण कडक झालं असेल, अमावस्या झाली की थोडं ऊन करून पुन्हा लावू, असा विचार करत तो झोपायला गेला. मग टेकडी गप्प झाली.

अमावस्या झाली. सुकलू मेणाचा गोळा घेऊन टेकडीवर निघाला, नैवेद्याचा भात घेऊन शेजारचा इतवारी सोबत. खांबापाशी पोचले तोच इतवारीने टेकडीमागे बोट दाखवलं. सागाच्या शेंड्यांवर गिधाडं बसली होती.

"सुकलूभाऊ, जनावर मेलं दिसते."

टेकडीमागे कुणी जात नसे. पूर्वी कधी तिथे लोखंडाची माती काढत, तिचे जुने खड्डे होते, गवताने झाकलेले. तिकडून जाणारी एक पायवाट होती, पण ती सुकलूच्या घरचीच, लाकूड आणायची. गावाच्या तोंडावर न येता थेट घराच्या परसात उतरणारी. रुसून गेलेल्या मुलाला लपतछपत घरी यायला ती वाट बरी होती.

लालसू खड्ड्याच्या तळाशी होता. अंगात नवा सदरा. एक पाय गुडघ्याखाली भलतीकडे वळलेला. हातात लांब, पोलादी गिरमिट, वखारीतल्यासारखं. खड्ड्याच्या मुरमाच्या भिंतीला त्याने त्याच गिरमिटाने भोकं पाडली होती, बोटं रोवून वर चढता यावं म्हणून, एकावर एक. शेवटचं भोक उभ्याने त्याचा हात पोचेल तेवढ्या उंचीवर होतं, आणि त्याच्या वर काठापर्यंत कोरा मुरूम. एका पायावर तिथून पुढे जाता आलं नव्हतं.

सुकलू काठावर बसला. तिथून वळून पाहिलं तर टेकडीवरचा खांब दिसत होता, आणि खांबाच्या पलीकडे गावाचा धूर. आपल्या पोराने तळातून हाच धूर पाहिला असेल. शेकोट्या पेटल्यात, माणसं आहेत, जागी आहेत. कुकारा दिला की ओ येईल, रानात ओ येतेच, वैऱ्याचीही येते. मग दिला असेल. मग पुन्हा दिला असेल.

इतवारीने भाताचं टोपलं खाली ठेवलं आणि तो गावाकडे पळत सुटला.

मागचं सगळं कुणी बोललं नाही, तरी नवा सदरा आणि गिरमिट पाहून गावाला समजलं. लालसू पोळ्यापासून वडशाच्या वखारीत ओंडके वाहत होता. रागाने गेला, बापाने म्हटलं तशीच हमाली केली, आणि बापासाठी गिरमिट घेऊन परत आला. वाघाने नेलेल्या कालवडीच्या फुटल्या शिंगाला पंचा लालसूनेच बांधला होता, हे पत्रूला तेव्हा आठवलं, आणि त्याने भिंतीवर डोकं आपटून घेतलं. कुकारा सगळ्यांनीच ऐकला होता. ज्यांनी ऐकला त्यांनी पोरांची तोंडंसुद्धा दाबली होती. पण बोट कुणी कुणाकडे दाखवलं नाही, आणि सुकलूला तेच जास्त लागलं.

सोनीबाईने लेकाला न्हाऊ घातलं. ओठ फाटलेले होते, त्यांना तेल लावलं. सुकलूने एकदाच विचारलं, "तुले तवाच समजलं होतं का?" तिने त्याच्याकडे पाहिलं आणि आपल्या तोंडावरून उलटा हात फिरवला, काहीतरी पुसल्यासारखा.

माती दिली, लोक आपापल्या घरी गेले. दिवस कलला तसा टेकडीवरून वारा उतरला. त्या हिवाळ्यातला पहिला मोठा वारा. सासवा बोलल्या, मामा बोलले. आणि त्यांच्या मागून लालसूचा खांब बोलला.

सुकलू अंगणात बसला होता. सोनीबाईने कुकारा भरला होता तो पोराच्या मोकळ्या गळ्याचा. खांबातून आला तो घोगरा, तहानेने चिरफाळलेला, उचकीशी अडकणारा. तिरपं भोक आपलं काम चोख करत होतं. आजवर असा खांब झाला नव्हता, जंगू म्हणाला ते खोटं नव्हतं. आणि सुकलूचे कान, कधी न चुकणारे ते कान, आता त्याला सगळं नीट सांगू लागले, जसं त्यांनी त्या सकाळी सांगायला हवं होतं. लालसू होय. टेकडीच्या मागं हाये. खाली कुठंतरी हाये. तहानला हाये.

सोनीबाई दारात येऊन उभी राहिली. तिने छाती भरून घेतली. सुकलूचा हात आपसूक वर उठला, अर्ध्यात थांबला आणि मांडीवर पडला.

"ओ!" सोनीबाई म्हणाली. "ओ रे बापा, आली मी!"

आसपासच्या घरांमध्ये दारं लागली. टेकडीवरून पुन्हा कुकारा आला, आणि तिने पुन्हा ओ दिली. वारा पडेपर्यंत ती देत राहिली. मग आत जाऊन तिने पाण्याचा गडू भरला, पदराखाली घेतला आणि टेकडीच्या वाटेला लागली. सुकलूने तिला थांबवलं नाही.